केरबा हे नाव कोणाला ऐकवायचे होते?

गेल्या महिन्यात मंगळवार पेठेतील आमच्या घरी पुतण्याचे बारसे झाले. त्याआधीचे आठ दिवस सगळे घर मोबाइलवर नावांच्या याद्या चाळत होते. नक्षत्रावरून ‘क’ हे अक्षर आले होते आणि प्रत्येक नावापुढचा गोड अर्थ मोठ्याने वाचला जात होता. तेवढ्यात थोरल्या काकांनी आठवण करून दिली, की ‘क’वरून एक नाव आपल्या घरात आधीपासूनच आहे. ते म्हणजे माझ्या पणजोबांचे नाव, केरबा. सगळे हसले. मी मात्र त्या नावापाशीच अडकलो.

केर म्हणजे झाडून टाकलेला कचरा. ज्या घरात आधीची मुले दगावली, तिथे नंतर जन्मलेल्या मुलाला केरबा, धोंडू, दगडू, उकिरडा, भिकाजी अशी नावे ठेवत. अशा टाकाऊ वस्तूवर काळाची नजर कशाला पडेल, हा त्यामागचा हिशेब होता. पणजोबांच्या आधीची तीन भावंडे गेली होती, असे आजी सांगत असे. धोंडो हे नाव धारण करणारे महर्षी कर्वे 104 वर्षे जगले, हा योगायोग तिला सज्जड पुरावा वाटायचा, आणि तिच्याशी वाद घालण्यात अर्थ नव्हता.

हा हिशेब एकट्या आपल्या मुलखाचा नाही. मंगोलियात मुलाला दुष्ट शक्तींपासून लपवण्यासाठी ‘नेर्गुई’ म्हणजे निनावी, ‘एनेबिश’ म्हणजे हा नव्हे, ‘खुनबिश’ म्हणजे माणूस नव्हे, अशी नावे ठेवण्याची रीत आहे. नायजेरियातील योरुबा लोकांची समजूत अशी, की काही मुले पुन्हा पुन्हा जन्मून पुन्हा पुन्हा मरतात. त्यांना ‘मालोमो’, म्हणजे आता पुन्हा जाऊ नकोस, किंवा ‘कोकुमो’, म्हणजे आता हा मरणार नाही, अशी नावे देतात. मंगोल आई मृत्यूला चकवते, योरुबा आई थेट मुलाचीच विनवणी करते. म्हणूनच मला वाटते, की नावाचा अर्थ कोशात शोधण्याआधी ते कोणाला ऐकवण्यासाठी ठेवले, हे विचारावे.

सगळीच नावे एवढी गंभीर नसतात, हेही खरे. घानातील अकान लोक जन्मवारावरून नाव ठेवतात. संयुक्त राष्ट्रसंघाचे माजी महासचिव कोफी अन्नान यांचा जन्म 8 एप्रिल 1938 रोजी, शुक्रवारी झाला आणि कोफी म्हणजे शुक्रवारी जन्मलेला मुलगा. (आम्ही कोल्हापूरकरांनी वारांची नावे मुलांपेक्षा पेठांना देणे अधिक पसंत केले.) काही नावांत तर गावाचा कारभार उतरलेला असतो. कर्मवीर भाऊराव पाटील यांचा जन्म आपल्याच जिल्ह्यातील कुंभोजचा, आणि वडिलांचे नाव पायगोंडा. त्यातील ‘गोंडा’ म्हणजे कन्नडमधील गौडा, अर्थात गावचा पाटील. त्यामुळे पायगोंडा पाटील या नावात एकच हुद्दा दोन भाषांत दोनदा येतो, आणि सीमाभागातील माणसाला त्यात काहीही वावगे वाटत नाही.

आमच्या घरी शेवटी ‘कियान’ ठरले. यादीत त्याचा अर्थ ‘देवाची कृपा’ असा दिला होता. वास्तविक हा फारसी शब्द असून त्याचा संबंध इराणच्या पुराणकथांतील कयानी राजांशी आहे. हे सांगितल्यावर काकांना नाव परके वाटू लागले. मालोजीराजांनी अहमदनगरच्या शाह शरीफ या पीराच्या नावावरून आपल्या मुलांची नावे शहाजी आणि शरीफजी ठेवली, ही परंपरेने चालत आलेली हकीकत ऐकवल्यावर त्यांचा विरोध मावळला.

बारशाच्या गडबडीत आणखी एक नाव निघाले, आणि त्यावर मात्र कोणी हसले नाही. पणजोबांच्या धाकट्या बहिणीचे नाव नकुसा होते. कानाला दोन्ही नावे सारखीच अशुभ वाटतात, परंतु केरबा हे नाव मुलगा राहावा म्हणून मृत्यूला ऐकवलेले होते, तर नकुसा हे पुन्हा मुलगी पाठवू नये म्हणून देवाला. चीनमध्ये मुलींना दिले जाणारे ‘झाओदी’, म्हणजे धाकट्या भावाला बोलावून आण, हे नाव याच जातीचे. सातारा जिल्ह्यात 2011 मध्ये समारंभपूर्वक अडीचशेहून अधिक मुलींनी नकुसा, नकोशी ही नावे टाकून नवी नावे घेतली, तेव्हा कोठे याची जाहीर चर्चा झाली.

आमच्या नकुसाचे नाव मात्र लग्नातच बदलले गेले. सासरी ताटातल्या तांदळावर अंगठीने नवे नाव लिहिले गेले. कागलच्या घाटग्यांचे यशवंतराव 1884 मध्ये दत्तक येऊन शाहू महाराज झाले आणि आजही कोल्हापुरात शाळकरी मुलालासुद्धा त्यांची दोन्ही नावे ठाऊक असतात. पणजोबांच्या बहिणीचे तांदळावरचे नाव काय होते, हे मी त्या दिवशी बारशाला आलेल्या प्रत्येक म्हाताऱ्या माणसाला विचारले. कोणालाही ते सांगता आले नाही.