तकाराझुका: हिरोही बाईच!

जपानी एंटरटेनमेंट म्हटलं की आपल्याकडे गाडी थेट अ‍ॅनिमेवर जाते, पण 2019 च्या जपान ट्रिपमध्ये मी हट्टाने नवऱ्याला घेऊन गेले तकाराझुकाला, तिथल्या फक्त बायकांच्या थिएटरचा शो बघायला. ओसाकाच्या उमेदाहून हांक्यू रेल्वेची मरून रंगाची ट्रेन पकडायची आणि शेवटच्या स्टेशनला उतरायचं, बास. थिएटर इथे आलं ते पण या रेल्वेमुळेच, तिचे संस्थापक इचिझो कोबायाशींना लोक शेवटच्या स्टेशनपर्यंत यायला हवे होते म्हणून त्यांनी मुलींचा ग्रुप उभा केला आणि 1914 साली पहिला शो लावला, तोही न चाललेल्या स्विमिंग पूलवर फळ्या टाकून! धंदेवाईक डोकं म्हणतात ते हेच.

स्टेजवर सगळ्या बायकाच. आपल्या बालगंधर्वांचं बरोब्बर उलटं, इथे पुरुषाचं काम करणाऱ्या ओतोकोयाकुवर बायका फिदा. शेवटी 26 पायऱ्यांच्या झगमगत्या जिन्यावरून टॉप स्टार पाठीला मोरासारखा पिसारा लावून खाली येते तेव्हा भाषा कळली नाही तरी अंगावर काटा येतो. सगळं थिएटर एका ठेक्यात टाळ्या वाजवत होतं.

पण मला शोपेक्षा जास्त आवडलं ते बाहेरचं. शो संपल्यावर कलाकार बाहेर पडायची वाट बघत थांबणं, त्याला देमाची म्हणतात. प्रत्येक स्टारच्या फॅन क्लबच्या बायका एकसारखे स्कार्फ घालून शिस्तीत रांगा लावून उभ्या, काही तर आज्जीच्या वयाच्या, आणि स्टार आली रे आली की सगळ्या एकदम खाली बसल्या, मागच्यांनाही दिसावं म्हणून. धक्काबुक्की नाही, सेल्फी नाही, नुसती पत्रं द्यायची. ती दोन शब्द बोलली, मान लववली आणि गेली, मिनिटभराचा खेळ, त्यासाठी या बायका कधीपासून ताटकळत होत्या देव जाणे. आपल्याकडे हिरोच्या बंगल्याबाहेर काय चालतं ते आठवून मला हसूच आलं.

एक गोष्ट मात्र खटकली. लग्न करायचं तर कंपनी सोडावी लागते, टॉप स्टार असली तरी. मुळात तिथे सगळ्यांना विद्यार्थिनीच म्हणतात, पार चाळिशीतल्या बाईलाही, मग काय बोलणार! नवरा म्हणाला जपान्यांचे नियम त्यांना लखलाभ, तू चल, भूक लागलीय.