पंपिंग ३५ टक्के

टूडी इको (हृदयाची सोनोग्राफी) झाल्यावर हातात पडलेल्या रिपोर्टमधली एकच ओळ मी वाचली: 'एलव्हीईएफ ३५ टक्के'. छातीवर प्रोब फिरवणाऱ्या मुलीला विचारलं, "३५ म्हणजे कसं?" ती म्हणाली, "पंपिंग थोडं कमी आहे मॅडम, डॉक्टर सांगतील." तिच्या 'थोडं'वर माझा काडीचा विश्वास बसला नाही. १०० पैकी ३५ म्हणजे काठावर पास. मी गणित शिकवते, चोवीस वर्षं झाली. टक्केवारी दिसली की माझं डोकं आपोआप १०० मधून वजाबाकी करतं. ६५ गेले, असा हिशेब मी लिफ्टमध्ये उभी असतानाच केला.

त्याआधीचे तीन आठवडे जिना चढताना दम लागत होता. रात्री आडवं झालं की खोकला यायचा, दोनाच्या तीन उशा झाल्या होत्या, आणि मोजे काढले की घोट्यावर वळ उमटलेला असायचा. मी वयावर ढकललं, वजनावर ढकललं, मागे येऊन गेलेल्या तापावर ढकललं. फॅमिली डॉक्टरांनी पाठीला स्टेथोस्कोप लावला, दोनदा खोल श्वास घ्यायला सांगितला आणि काही न बोलता इसीजी आणि इकोची चिठ्ठी लिहिली.

घरी आल्यावर फोन सुरू झाले. सगळ्यांचा प्रश्न एकच: "पंपिंग किती आलं?" एलव्हीईएफमधल्या ईएफला आपल्याकडे इजेक्शन फ्रॅक्शन असं कोणी म्हणत नाही, पंपिंगच म्हणतात. शब्द सोयीचा आहे खरा, पण तो डोळ्यासमोर विहिरीवरची मोटर उभी करतो. ३५ टक्के पंपिंग म्हणजे मोटर ६५ टक्के जळालेली. त्यात नवऱ्याने इंटरनेटवर शोधलं तर 'हार्ट फेल्युअर' आणि पुढे मराठीत 'हृदय निकामी होणे'. निकामी! निकामी झालेली वस्तू भंगारात जाते. पुढचे दोन दिवस मी पाण्याची बादलीसुद्धा उचलली नाही. रिपोर्टमधल्या बाकीच्या ओळीही तेव्हाच वाचल्या. त्यात 'नो क्लॉट, नो व्हेजिटेशन' असं होतं. हृदयात झाडपाला नाही हे वेगळं का सांगावं लागतं, असं मी नवऱ्याला विचारलं आणि आम्ही दोघंही हसलो. त्या दोन दिवसांतलं ते एकमेव हसू. (व्हेजिटेशन म्हणजे झडपांवर साचणारे जंतुसंसर्गाचे गोळे, हे नंतर कळलं. तेव्हा हसलो ते बरंच झालं.)

हृदयरोगतज्ज्ञांनी रिपोर्ट पाहायच्या आधी मला पाहिलं. मानेची शीर, पाय, फुप्फुसं. मग विचारलं, "काय करता तुम्ही?" म्हटलं, गणित शिकवते. "मग सोपं आहे. फ्रॅक्शन म्हणजे काय?"

"अपूर्णांक."

"याचा अंश काय आणि छेद काय?"

मला सांगता येईना. लाज वाटली. अंश-छेद लिहिल्याशिवाय उत्तर मांडलं तर मी मुलांचे गुण कापते, आणि इथे नुसतं उत्तर घेऊन दोन रात्री जागले होते.

त्यांनी कागदावर दोन पिशव्या काढल्या, एक मोठी आणि एक लहान. मोठी म्हणजे रक्ताने पूर्ण भरलेली डावी जवनिका, शरीराकडे रक्त ढकलणारा हृदयाचा खालचा कप्पा (हल्लीच्या पाठ्यपुस्तकात निलय म्हणतात, जवनिका म्हणजे पडदाही, त्यामुळे तो शब्द मला शाळेपासून आवडतो). लहान म्हणजे आकुंचन पावून झाल्यावरची तीच जवनिका. दोन्हींतला फरक म्हणजे एका ठोक्याला बाहेर पडलेलं रक्त, तो अंश. भरलेली जवनिका हा छेद. निरोगी माणसात साधारण १२० मिलिलिटर रक्त भरतं आणि त्यातलं ७० बाहेर जातं. ७० भागिले १२०, म्हणजे ५८ टक्के. १०० कोणाचंच नसतं. जवनिका कधीच पूर्ण रिकामी होत नाही, दर ठोक्यानंतर थोडं रक्त मागे राहतंच. बायकांमध्ये ५४ ते ७४ आणि पुरुषांमध्ये ५२ ते ७२ हे सर्वसाधारण मानतात. म्हणजे माझी वजाबाकी मुळातच चुकली होती. मी १०० मधून ३५ वजा करत होते, आणि इथे पैकीच्या पैकी म्हणजेच ६० च्या आसपास होतं.

मग त्यांनी रिपोर्टच्या दुसऱ्या पानावरचे दोन आकडे दाखवले. तेही तिथेच होते, मी पाहिलेच नव्हते. भरलेली जवनिका २०० मिलिलिटर, आकुंचनानंतर १३०.

"आता करा."

वजाबाकी ७०. निरोगी माणसाइतकंच! मी परत केलं. ७०. दर ठोक्याला बाहेर पडणारं रक्त तेवढंच होतं, पण ते ७० काढायला माझी जवनिका फुगून १२० ची २०० झाली होती. अंश जागेवर होता, छेद वाढला होता.

"म्हणजे माझं हृदय अशक्त नाही?"

"आहे," ते म्हणाले. त्यांनी मला फसवं समाधान दिलं नाही, हे मला अजून आवडतं. "स्नायू अशक्त झालाय, म्हणून तर ते ताणलं गेलं. फुगून ते वेळ मारून नेतंय. बसल्या जागी निभतं, जिन्यावर निभत नाही. असंच फुगत राहिलं तर बसल्या जागीही निभणार नाही." मला फसवं समाधानच हवं होतं खरं तर, पण कागदावरचे ते दोन आकडे मला पटले. निकामी या शब्दाबद्दल विचारलं तर म्हणाले, फेल्युअर म्हणजे बंद पडणं नव्हे, शरीराच्या मागणीला पुरं न पडणं.

पुढे अँजिओग्राफी झाली, हृदयाच्या रक्तवाहिन्या मोकळ्या निघाल्या. आजाराला नाव मिळालं डायलेटेड कार्डिओमायोपथी, म्हणजे हृदयाचा स्नायू अशक्त होऊन ते फुगणं. कारण ठामपणे सापडलं नाही, विषाणू असू शकेल म्हणाले.

चार औषधं सुरू झाली. डोस इतके लहान की मला वाटलं डॉक्टर कचरतायत. पण पद्धतच ती आहे: थेंबाने सुरू करायचं, रक्तदाब आणि नाडी पाहत दर दोन-तीन आठवड्यांनी वाढवायचं. त्यातल्या बीटा ब्लॉकरने (नाडी मंदावणाऱ्या गोळीने) पहिले काही दिवस मी आधीपेक्षा जास्त थकले. तशी कल्पना दिलेली होती म्हणून गोळी स्वतःहून सोडली नाही, नाहीतर नक्की सोडली असती. पोटॅशियम आणि क्रिएटिनिनसाठी (मूत्रपिंडं नीट चालतायत ना, हे पाहायला) वारंवार रक्त द्यावं लागे. रोज सकाळी वजन करायचं. दोन-तीन दिवसांत दोन किलो वाढलं तर ते चरबी नव्हे, पाणी, लगेच फोन करायचा. आणि तीन महिन्यांनी परत इको. तेव्हाही ३५ किंवा त्याखाली राहिलं तर छातीत शॉक देणारं यंत्र, आयसीडी, बसवायचं का यावर बोलू, असं त्यांनी सांगून ठेवलं होतं. त्या 'बोलू'ने माझे तीन महिने खाल्ले.

मला तीन महिने धीर धरवला नाही. पाच आठवड्यांनी मी दुसरीकडे जाऊन गुपचूप इको करून घेतला. ४१! नणंदेला फोन केला, ताईला केला. डॉक्टरांना सांगितलं तर ते शांतपणे म्हणाले, "वाढलं असेलही. पण एवढ्या फरकावरून सांगता येणार नाही. तेच हृदय त्याच दिवशी दोघांनी मोजलं तरी पाचेक टक्क्यांचा फरक पडतो."

तेव्हा मी मोजतात कसं ते विचारलं. आपण डाव्या कुशीवर झोपलेलो असताना ते चित्र थांबवतात, माउसने जवनिकेची आतली कड आखतात, एकदा भरलेली असताना, एकदा आकुंचनानंतर, आणि तेही दोन कोनांतून. मग यंत्र त्या आकृतीचे २० चकत्यांसारखे काप करून घनफळांची बेरीज करतं. पद्धतीचं नाव सिम्पसन. हे ऐकून मी खुर्चीतच पुढे सरकले. अठराव्या शतकातल्या थॉमस सिम्पसनचा घनफळ काढायचा नियम मला माहीत आहे! त्याच्याही आधी, १६१५ मध्ये, केप्लरने वाइनच्या पिंपांचं घनफळ काढण्यावर पुस्तक लिहिलं होतं. जर्मनीत त्या नियमाला अजून केप्लरचा पिंपनियम म्हणतात. म्हणजे माझं हृदय पिंपासारखं मोजलं जात होतं. फक्त हे पिंप सतत हलतं, बरगड्यांच्या फटीतून दिसतं आणि त्याची कड धूसर असते. कड दोन मिलिमीटर इकडेतिकडे आखली की घनफळ बदललं. बऱ्याचदा तर अनुभवी डॉक्टर पडद्याकडे बघून अंदाजानेच आकडा देतात. ३५, ४०, ४५ असे गोल आकडे इतके का दिसतात, ते तेव्हा कळलं. तात्पर्य, इको शक्यतो एकाच ठिकाणी करायचा.

वेटिंग रूममध्ये एक काकू नेहमी भेटायच्या. त्यांचं पंपिंग ६०. मला त्यांचा चक्क हेवा वाटायचा. पण त्या माझ्यापेक्षा जास्त धापा टाकत, पाय सुजलेले. "रिपोर्ट नॉर्मल आहे म्हणतात गं, मग मला दम का लागतो?" मी डॉक्टरांना विचारलं. ते म्हणाले, त्यांचं हृदय जोरात पिळलं जातं, पण नीट सैल होत नाही, ताठ असतं. मग भरतच कमी. १०० भरून ६० काढले काय किंवा ७० भरून ४२ काढले काय, भागाकार ६० टक्केच. हेही हार्ट फेल्युअरच. पंपिंग ४० पर्यंत एक प्रकार, ४१ ते ४९ मधला, ५० पासून वर हा तिसरा. आणखी एक खोड त्यांनी सांगितली: झडप गळत असेल तर काही रक्त मागे अलिंदात (हृदयाच्या वरच्या कप्प्यात) जातं, पण या अपूर्णांकाला दिशा कळत नाही. मागे गेलेलंही अंशात मोजलं जातं आणि आकडा छान दिसतो.

तीन महिन्यांचा इको पहिल्याच ठिकाणी, त्याच मुलीकडे. टक्केवारी झाकून मी आधी दुसरं पान उघडलं. १५४ आणि ८२. अंश ७२, जवळपास तोच. छेद २०० चा १५४. तोंडी केलं: ४७ ला थोडं कमी. रिपोर्टवर ४७ लिहिलं होतं. आयसीडीचा विषय डॉक्टरांनी काढला नाही, मीही काढला नाही. तिसऱ्या मजल्यावर मात्र त्या दिवशी न थांबता गेले.

दीड वर्षाने ५२ झालं आणि मी लगेच विचारलं, "आता गोळ्या बंद?" त्यांनी एका ब्रिटिश चाचणीबद्दल सांगितलं. याच आजारातून सावरलेल्या ५१ जणांपैकी २५ जणांची औषधं टप्प्याटप्प्याने थांबवली, तर सहा महिन्यांत ११ जणांचा आजार उलटला. आकडा सुधारतो तो गोळ्यांच्या आधाराने. आधार काढल्यावर किती टिकेल ते आधी ओळखता येत नाही. मी वाद घातला नाही. २५ पैकी ११ म्हणजे किती टक्के, ते मला कोणी सांगायची गरज नव्हती.

परवा नणंदेचा फोन आला. तिच्या ओळखीत कोणाचं तरी पंपिंग ४० आलंय, घरचे घाबरलेत. "तू बोल त्यांच्याशी." मी म्हटलं, बोलते, पण आधी त्यांना रिपोर्टचं दुसरं पान शोधून ठेवायला सांग, आणि जिना चढताना कसं वाटतं तेही विचारून ठेव.