बंगाली रहस्यकथा म्हणजे फेलूदाच ना?

मी बंगाली वाचते हे कळलं की पुढचा प्रश्न ठरलेला: सत्यजित राय यांचा फेलूदा आणि शरदिंदू बंद्योपाध्याय यांचा ब्योमकेश, हे दोन गुप्तहेर सोडले तर बंगालीत रहस्यकथा आहे कुठे? तुम्हीही विचारलंत, म्हणून सांगते.

ब्योमकेश आला १९३२ साली. त्याच्या चाळीस वर्षं आधी, १८९२ पासून, कोलकाता पोलिसांत नोकरी करणारे प्रियनाथ मुखोपाध्याय 'दारोगार दप्तर' लिहीत होते. खून, फसवणूक, चोऱ्या, सगळं पोलिसी तपासातून आलेलं. मागोमाग पाँचकडी दे हे रहस्यकथाकार आले. तपासाची चटक लागलेला वाचक ब्योमकेशला आयता मिळाला, तो या मंडळींमुळे.

पुढे स्वपनकुमार. खरं नाव समरेंद्रनाथ पांडे. श्रीभृगू या नावाने ज्योतिषावरही लिहायचे. त्यांचा डिटेक्टिव्ह दीपक चॅटर्जी पातळ, स्वस्त पुस्तकांतून पोरांच्या हाती पडला. दीपकच्या दोन्ही हातांत पिस्तुलं, मग टॉर्च कुठल्या हातात, असं म्हणून शिकलेली माणसं आजही हसतात. मला ते हसणं खटकतं. आपल्याकडे बाबूराव अर्नाळकरांनी हजाराहून अधिक रहस्यकथा लिहिल्या, तरी साहित्याच्या चर्चेत त्यांना ओसरीवरच बसवलं. वाचनाची सवय लावणाऱ्याचे उपकार आपण फार लवकर विसरतो.

पण माझा खरा जीव चित्रकथांवर, म्हणजे हावड्यातल्या शिबपूरच्या नारायण देबनाथांवर. 'शुकतारा' मासिकात १९६२ साली 'हांदा भोंदा', १९६५ साली 'बाँटुल द ग्रेट', आणि १९६९ पासून 'किशोर भारती'त 'नोंते फोंते'. गोष्ट त्यांची, चित्रं त्यांची, दशकानुदशकं. बाँटुल अनवाणी, गुलाबी बनियन, काळी हाफपँट, पिंपासारखी छाती. गोळी आदळली तर तीच परत फिरते. बांगलादेश युद्धाच्या काळात तो शत्रूच्या रणगाड्यांशीही भिडला. 'नोंते फोंते'त मात्र साधं वसतिगृह आहे. दादागिरी करणारा केल्टुदा, संतापी सुपरिंटेंडेंट, चोरून खाणं, मग मार. पळणाऱ्या पोराचे पाय देबनाथ असे काढतात की अक्षर न वाचताही हसू फुटतं.

त्यांना पद्मश्री जाहीर झाली २०२१ साली, वयाच्या पंचाण्णवाव्या वर्षी. पुढच्याच जानेवारीत ते गेले. इतका उशीर का झाला, याचा मला अजून राग येतो. बंगाली लिपी शिकायला निघालेल्या प्रत्येकाच्या हातात मी पहिल्यांदा त्यांचंच पुस्तक देते.