गाता गाता बेस वाजवण्यात एवढं काय?

अमेरिकन जॅझ गायिका आणि बेसवादक एस्पेरांझा स्पॉल्डिंगचा ‘चेंबर म्युझिक सोसायटी’ हा 2010 चा अल्बम मी ज्यांना ज्यांना ऐकवते, त्यातले बरेच जण शेवटी एकाच प्रश्नावर येतात. गिटार वाजवत गाणारे हवे तेवढे सापडतात, मग ही डबल बेस वाजवत गाते याचं एवढं कौतुक कशाला? आवाज गोड आहे, तेवढं पुरे की! तुम्हीही तेच विचारलंत, म्हणून या वेळी सविस्तर लिहिते.

आधी वाद्याबद्दल. डबल बेस म्हणजे व्हायोलिनच्या कुळातलं सर्वांत मोठं वाद्य. तो उभा केला की वाजवणाऱ्याच्या डोक्याच्याही वर जातो. चार तारा, त्यातली सर्वांत खर्जातली सुमारे 41 हर्ट्झची. गिटारला पडदे असतात, त्यामुळे बोट दोन पडद्यांच्या मध्ये कुठेही पडलं तरी सूर जागेवर लागतो. इथे पडदे नाहीत. बोट जरा सरकलं की सूर हलला. त्यामुळे वाजवणाऱ्याचा कान सतत बोटांवर पहारा देत असतो. स्पॉल्डिंगच्या कानाला त्याच वेळी गळ्यावरही पहारा द्यायचा असतो आणि गळ्यातला सूर वेगळाच असतो.

पण नुसत्या अवघडपणासाठी मी हा अल्बम कुणाच्या मागे लागून ऐकवला नसता. आपल्याकडे गाणारा माणूस हातात तानपुरा घेतो तेव्हा त्याला न हलणारा आधार हवा असतो. भजनात बुवा पेटी वाजवत गातात तेव्हा गळ्यात जी चाल असते तीच बोटांत उतरते. गिटारवर कॉर्ड, म्हणजे एकत्र वाजणारे तीन-चार स्वर, धरून गाणाऱ्याचा हातही बहुतेक वेळा गळ्याच्या मागे मागे जातो. जॅझमधल्या बेसला मात्र स्वतःची चाल असते. चार मात्रांना चार स्वर टाकत तो एका कॉर्डवरून दुसऱ्या कॉर्डकडे निघालेला असतो, त्याला थांबता येत नाही. गाणाऱ्याला मात्र थांबायचं असतं, रेंगाळायचं असतं, शब्द ठोक्याच्या किंचित मागे टाकायचा असतो. ही दोन कामं एकाच अंगातून व्हायला हवीत.

याहून महत्त्वाचं पुढे आहे. घरात पेटी असेल तर करून पाहा. मधल्या सप्तकातला सा दाबून धरा आणि खाली मंद्रातला मध्यम लावा. वरचा सा आता त्या मध्यमाचा पंचम झाला. मध्यम सोडून शुद्ध धैवत लावा, तोच सा कोमल गंधारासारखा हळवा होतो. धैवत कोमल करा, तो एकदम शुद्ध गंधाराचा उजेड घेऊन येतो. वरचा सूर तसूभरही हललेला नाही. खालची जमीन बदलली आणि सुराचा अर्थ बदलला. जॅझमध्ये ही जमीन मुख्यतः बेसवाल्याच्या हातात असते. एरवी गायिका सूर लावते आणि त्याचा अर्थ शेजारी उभा असलेला दुसरा माणूस ठरवतो. स्पॉल्डिंग दोन्ही स्वतः ठरवते. माझं कौतुक आहे ते याचं.

बेसवाल्यांनी गाणं तिच्यापासून सुरू झालं असं मुळीच नाही. अमेरिकन बेसवादक स्लॅम स्टुअर्ट 1930 च्या दशकापासून गजाने बेस वाजवायचे आणि तीच सुरावट एक सप्तक वरून गुणगुणायचे. ते ऐकायला फार गोड आहे. पण तिथे गळा आणि गज एकच वाट चालतात. स्पॉल्डिंगच्या दोन वाटा वेगळ्या आहेत, आणि त्या कुठे मिळायच्या, कुठे फुटायच्या हे ती ठरवते.

ती 1984 साली ओरेगनमधल्या पोर्टलंडमध्ये जन्मली. लहानपणी टीव्हीवर यो-यो मा यांचा चेलो ऐकून तिला संगीताची ओढ लागली, मग व्हायोलिन हाती आलं, आणि पंधराव्या वर्षापर्यंत ती ‘चेंबर म्युझिक सोसायटी ऑफ ओरेगन’ या संस्थेच्या वाद्यवृंदात वाजवत होती. अल्बमचं नाव तिथूनच आलेलं आहे. बॉस्टनच्या बर्कली कॉलेजातून ती 2005 मध्ये बाहेर पडली आणि लगेच तिथेच शिकवू लागली. 2011 मध्ये सर्वोत्कृष्ट नवोदित कलाकाराचं ग्रॅमी जस्टिन बीबरऐवजी तिला मिळालं. जॅझ कलाकाराला तो मान पहिल्यांदाच मिळाला होता आणि त्यावरून बराच गदारोळ झाला. त्या गदारोळात संगीताची चर्चा फार कमी झाली, याचं मला अजून वाईट वाटतं.

अल्बममध्ये पियानोवर अर्जेंटिनाचा लिओ जेनोव्हेसे, ड्रम्सवर टेरी लिन कॅरिंग्टन, शिवाय व्हायोलिन, व्हिओला आणि चेलो आहेत. पहिल्याच ‘लिटल फ्लाय’मध्ये विल्यम ब्लेकची माशीवरची कविता आहे. तिथे बेस तंतुवाद्यांच्या घरातला थोरला भाऊ होऊन बसतो. व्हायोलिन शिकलेल्या मुलीनेच असा बेस लिहावा. ‘नॉलेज ऑफ गुड अँड इव्हिल’मध्ये शब्दच नाहीत. आपण मराठी श्रोते शब्दांवर फार विसंबतो, शब्द संपले की कान सैल सोडतो. इथे तसं करता येत नाही, म्हणून ते मी मुद्दाम लवकर ऐकवते. ‘ॲपल ब्लॉसम’मध्ये ब्राझीलचे मिल्टन नासिमेंतो तिच्याबरोबर गातात. सफरचंदाच्या मोहराखाली उभं राहून गेलेल्या सोबतिणीची आठवण काढणाऱ्या माणसाचं ते गाणं आहे, त्याबद्दल जास्त बोलून मी ते खराब करणार नाही.

तुमच्या प्रश्नाचं खरं उत्तर मात्र दहाव्या गाण्यात आहे. ‘इनुतिल पायझाजें’ हे आंतोनियो कार्लोस जोबीम आणि आलोयसियो द ओलिव्हेरा यांचं जुनं ब्राझिलियन गाणं. तू नसशील तर एवढं आकाश, एवढा समुद्र हवा कशाला, असा त्याचा भाव. पियानो नाही, गिटार नाही, तंतुवाद्यं नाहीत. स्पॉल्डिंगचा आवाज, गायिका ग्रेचेन पार्लाटोचा आवाज आणि बेस, बस्स. जोबीमची चाल अनेकदा मोजक्या स्वरांत घुटमळत राहते आणि खालची कॉर्ड मात्र सरकत जातात. वर पेटीवर केलंत ना, तेच. कॉर्ड वाजवणारं वाद्यच नसल्यामुळे इथे ते सगळं सरकणं बेसच्या एकेका स्वरातून ऐकू यावं लागतं, आणि येतं. पार्लाटोचा आवाज कधी सूर होतो, कधी नुसता ताल. स्पॉल्डिंग तिच्याशी गळ्याने खेळत असते, आणि त्याच वेळी दोघींच्या पायाखालची जमीन स्वतःच्या बोटांनी हलवत असते.

हे गाणं पहिल्यांदा नेहमीसारखं ऐका. दुसऱ्यांदा ऐकताना दोन्ही आवाजांकडे पूर्ण दुर्लक्ष करून फक्त बेसच्या मागे जा. सुरुवातीला तो निसटेल, कारण आपला कान आपोआप गळ्याकडे धावतो. तिसऱ्यांदा दोन्ही बरोबर धरायचा प्रयत्न करा. एक विनंती आहे, मोबाइलच्या स्पीकरवर ऐकू नका. एवढासा स्पीकर खर्ज पेलूच शकत नाही, आणि खर्ज गेला की या गाण्यातला निम्मा संवाद गेला. साधे हेडफोन चालतील.

आवडलं तर पुढे 2012 चा ‘रेडिओ म्युझिक सोसायटी’ आहे. तो जास्त झगमगीत आहे, त्यात ब्रास वाद्यं आहेत, इलेक्ट्रिक बेस आहे, काहींना तोच जास्त आवडतो. मला नाही. मी त्याऐवजी तुम्हाला सरळ 2024 मध्ये आलेल्या ‘मिल्टन + एस्पेरांझा’कडे पाठवेन. तेव्हा नासिमेंतो ऐंशीच्या पुढे गेले होते. ‘ॲपल ब्लॉसम’मधला त्यांचा आवाज कानात ताजा असतानाच तो ऐका.