धोंडस : तळाचा गच्च थर गेला, आता सकाळच्या कडकपणाचं बघायचंय

गेला एकदाचा तो थर! धोंडस म्हणजे तवसं (मोठी जून काकडी), गूळ आणि तांदळाचा रवा यांचं भाजलेलं गोड; माझ्या ओटीजीतल्या (विजेच्या छोट्या ओव्हनमधल्या) धोंडसाच्या तळाशी दर वेळी गच्च, अर्धाकच्चा थर राहायचा. काल रात्री साचा पालथा घातला, हळदीचं पान सोलून काढलं आणि सुरी वरून थेट तळापर्यंत न अडता उतरली. आजवर ती शेवटच्या अर्ध्या इंचात रुतायची आणि बाहेर येताना पात्याला चिकट लगदा घेऊन यायची. काल पातं तुपकट होतं, पण स्वच्छ. वडीच्या एका अंगाला पानाच्या शिरा उमटलेल्या, कडा खरपूस, आणि आत रव्याचा दाणा दाणा सुटा दिसत असूनही वडी धरून राहिलेली. अर्धी वडी तिथेच ओट्याशी उभ्या उभ्या संपवली. लोणी आणायचंही सुचलं नाही.

मागचं वाचलेल्यांना योजना माहीत आहेच. गणपतीत गावी वीस-बावीस माणसं, सकाळी सगळ्यांना एकाच वेळी भूक, आणि त्याच वेळी गॅसच्या दोन्ही शेगड्या नैवेद्याच्या स्वयंपाकात अडकलेल्या. म्हणून रात्री सगळं कालवून ठेवायचं, सकाळी साचा ओटीजीत ढकलायचा आणि आपण चहा घ्यायचा. कागदावर फार गोंडस दिसत होतं. प्रत्यक्षात वरची दोन बोटं सुरेख भाजलेलं धोंडस आणि खाली तो गच्च, राखाडी, अर्धाकच्चा पट्टा.

पहिला संशय ओटीजीवर. खालचा रॉड कमजोर असणार असं धरून आत टांगायचा थर्मामीटर आणला. बटण १८० वर ठेवलं की मध्यभागी काटा १६० च्या पुढे हलत नाही आणि मागच्या उजव्या कोपऱ्यात बराच वर जातो, एवढी माहिती मिळाली. (ज्यांच्याकडे हा थर्मामीटर नाही त्यांनी महागडे साचे घेण्याआधी तो घ्यावा. ओटीजीच्या बटणावरचे आकडे हा शुभेच्छांचा प्रकार आहे.) बटण वाढवून खरे १८० आणले, वेळ वाढवली. वरचा पापुद्रा काळा पडला, तळ तसाच. सुई-थर्मामीटर मधोमध खुपसून पाहिला तर ९६-९७. म्हणजे उष्णता तळापर्यंत पोचत होती, तरीही तिथला रवा शिजत नव्हता.

मग तवशावर संशय. जून, पिवळं पडलेलं तवसं म्हणजे बहुतेक पाणीच. पण कीस पिळून पाणी टाकून देणं मला पटत नाही. वास, चव सगळी त्या रसातच असते. तो ओतून दिला तर राहतो तो गुळाचा शिरा. शिवाय पिळूनही थर आलाच, फक्त जरा पातळ.

छडा लागला तो काचेच्या दोन पेल्यांमुळे. दोन्हींत तोच कीस, तोच रवा, तेच प्रमाण. एकात गूळ घातला, एकात नाही. झाकून रात्रभर ओट्यावर. सकाळी बिनगुळाच्या पेल्यात सगळं एकजीव, रवा भिजून फुगलेला, चमचा उभा राहील असा. गुळाच्या पेल्यात मात्र तीन मजले: वर लुळा पडलेला कीस तरंगतोय, मध्ये तांबूस पाणी आणि तळाला रवा बसलेला, बोटांनी चोळला तर कचकचतोय. पेला तिरका केला तरी तो थर हलेना. ओव्हनातून निघणारा पट्टा तो हाच. भट्टीला लागण्याआधीच, रात्रीत झोपेत तयार झालेला.

कारण सरळ आहे. गूळ किसातलं पाणी ओढून बाहेर काढतो आणि ते पाणी स्वतःपाशीच धरून ठेवतो, रव्याला सहज मिळू देत नाही. वर गोड पाण्यात स्टार्च फुलायला उष्णताही जास्त लागते. शिऱ्यात साखर शेवटी का घालतात, तर याचसाठी; आधी पडली की रवा फुलतच नाही. इथे तर रवा तळाला दाटीवाटीने बसलेला, भोवती गुळाचा पाक. ९७ अंशांनाही तो बधत नव्हता यात नवल नाही.

आत्याला फोनवर हे दोन पेल्यांचं पुराण सांगितलं. तिने ऐकून घेतलं आणि विचारलं, “रवा वैरलास की नुसता कालवलास रे?” (वैरणं म्हणजे उकळत्या रसात हलवत हलवत सोडणं.) कालवला होता, हे सांगायची गरज पडली नाही. चुलीवरच्या पद्धतीत पीठ आधी पातेल्यात शिजतं आणि मग खाली-वर निखारे लागतात. भाजणं हा दुसरा टप्पा. ओव्हन आहे म्हणून पहिला टप्पा गाळता येईल या आशेवर माझी सगळी योजना उभी होती.

तर कालची कृती. एक किलो किसलेलं तवसं, बिया आणि मधला गर काढून, रसासकट. टोकांकडचा तुकडा आधी चाखायचा. कडू निघालं तर सगळं मुसळ केरात. अर्धा किलो तांदळाचा रवा तुपावर मंद भाजला, रंग बदलू न देता, नुसता वास सुटेपर्यंत. कीस आणि रस जाड बुडाच्या पातेल्यात उकळला, वाटीभर नारळाचं दूध आणि मीठ घालून. मग रवा वैरला, झाकण ठेवून दोन दणदणीत वाफा काढल्या. दाणा बोटांत चिरडून मऊ लागला, तेव्हाच चारशे ग्रॅम गूळ चिरून घातला. गूळ पडताच सगळं सैल होतं, घाबरायचं नाही. पाच-सात मिनिटांत परत आळतं आणि पातेल्याच्या कडा सोडायला लागतं. एका नारळाचा चव, वेलची, काजूचे तुकडे. हळदीच्या पानांवर थापलं, वरूनही पान, त्यावर फॉइल घट्ट.

खरे १७०, आधी फक्त खालचा रॉड, चाळीस मिनिटं झाकून. मग फॉइल आणि वरचं पान काढून तुपाचा हात फिरवला आणि दोन्ही रॉड लावून आणखी वीस-पंचवीस मिनिटं. निखाऱ्याच्या झाकणाखाली हेच होतं: आधी वाफ कोंडते, मग वरून धग लागते. उघडंच ठेवलं तर वरचा भाग आधी सुकून तडकतो.

सोडा काढून टाकला. गुळाबरोबर तो रंग काळपट करतो आणि मागे साबणासारखी चव ठेवतो. जाळी हवी असेल त्यांनी ढोकळा करावा.

सामानाबद्दल दोन शब्द. बाजारात पाकिटातला इडली रवा मिळतो तो बहुधा उकड्या तांदळाचा असतो. एकदा शिजून वाळलेला दाणा, त्यामुळे भिजायला हट्टी आणि धरून ठेवायला कमकुवत. वड्या भुसभुशीत होतात. मी तांदूळ धुऊन, सावलीत वाळवून गिरणीतून जाडसर काढून आणतो. गिरणवाल्याला “इडलीला नको, धोंडसाला” सांगितलं की तो माझ्याकडे सहानुभूतीने बघतो, पण काढतो बरोबर. गुळाच्या बाबतीत मात्र हात पोळले. एका दुकानातून “रसायनमुक्त” म्हणून दुप्पट भावाने घेतलेला काळाभोर गूळ इतका खारट निघाला की अख्खा साचा ताकाबरोबर संपवावा लागला. आता गूळ खडा तोंडात टाकल्याशिवाय घेत नाही, दुकानदार कितीही तोंड वाकडं करो.

आता आजची सकाळ. आनंदात साचा झाकून फ्रीजमध्ये ठेवला होता. सकाळी वडी हातात घेतली तर कडक, आणि दाताखाली रवा पुन्हा कोरडा. थर नाही, शिजलेलं आहे, पण रात्रीचा मऊपणा गायब. शिळा भात फ्रीजमध्ये जसा टणक होतो, त्यातलाच प्रकार: शिजलेला स्टार्च गार होताना पुन्हा आवळत जातो आणि फ्रीजच्या थंडीत हे काम सगळ्यात झपाट्याने होतं. साठ अंशांच्या वर नीट तापवलं की तो परत सैलावतो, हा त्यातला दिलासा. म्हणजे फ्रीज बाद. रात्रभर बाहेरच, पानात गुंडाळून, जाळीखाली. भाद्रपदातल्या दमट हवेत ओला नारळ किती टिकतो ते आपण जाणतोच, त्यामुळे रात्री भाजलेलं दुसऱ्या दिवशी न्याहारीलाच संपवायचं. वीस-बावीस माणसांत ती काळजी नाही.

पण परत तापवायचं कसं? बिडाच्या तव्यावर तूप सोडून वड्या परतल्या, अप्रतिम. दोन्ही बाजूंना गुळाची कुरकुरीत खपली येते, मला तर ताज्यापेक्षा ही आवडली. मात्र तव्यावर एका वेळी सहा वड्या आणि मागे रांग. ओटीजीत परत घातलं तर कडा वाळतात. हे लिहिता लिहिताच डोक्यात आलं: गणपतीत मोठं मोदकपात्र माळ्यावरून खाली आलेलंच असतं! त्याच्या चाळणीवर पान, पानावर वड्या, आठ-दहा मिनिटं वाफ. एका वेळी पंधरा तरी बसतील. थांबा, घरच्या छोट्या पात्रात चार वड्या लावून येतो.

आलो. मऊ झाल्या, अगदी रात्रीसारख्या. पानाचा वास उलट जास्त चढला. खपली मात्र गेली. तेव्हा वडीलधाऱ्यांना वाफेवरच्या, पोरांना तव्यावरच्या. पोरं तशीही उशिरा उठतात.

दुसरी कल्पना तांदळाची. यंदा सगळा रवा कोलमचा आहे. भात गार झाल्यावरही मऊ राहतो तो चिकट तांदळाचा, तर अर्धी इंद्रायणी घालून बघावी का? ती आंबेमोहर आणि आयआर ८ यांच्या संकरातली, वासालाही बरी. भीती एवढीच की चिकटपणा वाढला तर वैरताना गुठळ्या होतील. पूर्ण इंद्रायणीचं कोणी केलं असेल तर सांगा. मी आधी एक तृतीयांश घालून बघणार, आठ इंची गोल साच्यात.

संख्या वाढली तरी साचा खोल करायचा नाही, हे पक्कं. दीड इंचाच्या वर जाडी गेली की वेळेचं गणित कोलमडतं, म्हणून दोन पसरट साचे, एकामागून एक. गावी संध्याकाळी आरतीच्या वेळेला व्होल्टेज इतकं पडतं की ओटीजी लावला तर मखरातले दिवे मिणमिणतील आणि मला घराबाहेर काढतील, तेव्हा भाजणी रात्री दहानंतर. वीजच गेली तर मागच्या पडवीतली चूल आहे आणि आत्या तर त्याचीच वाट बघत्येय. ओटीजीत अंड्याचे केक झालेले असल्यामुळे हे नैवेद्याला चालणार नाही, फक्त न्याहारीला. तिने आधीच बजावलंय. आणि ऋषिपंचमीला तिच्यासारख्या उपास करणाऱ्यांना बैलाच्या कष्टाचं धान्य वर्ज्य, म्हणजे तांदूळ आलाच. म्हणून बेत गौरी येतात त्या दिवशीच्या सकाळचा.

तवशांची वर्दी आत्याकडे दिली आहे: दोन, मोठी, पिवळी झालेली. पानं आणि नारळ परसातले. रवा इथूनच काढून नेणार, कारण चतुर्थीच्या आसपास गावची गिरण उघडी सापडेल याची खात्री नाही. इंद्रायणीचा साचा शनिवारी लावतोय.