घरच्या तव्यावरचे ग्योझा
जपानमधल्या हामामात्सू शहरात राहून इतकी वर्षं ग्योझा, म्हणजे सारण भरलेले करंजीसारखे जपानी डंपलिंग, बाहेरच खाल्ले, आज शेजारच्या आजींकडून घरी शिकले. कोबी बारीक चिरून, मीठ लावून घट्ट पिळायचा. पाणी राहिलं की पारी फाटते. मोदकाला चहूबाजूंनी कळ्या, इथे चुण्या एकाच बाजूला. हातात बसायला वेळ लागला, पण बसल्या!

तव्यात गोल मांडायचे, तळ खरपूस झाला की पाणी ओतून झाकण. पाणी आटत आलं की आवाज बदलतो, चुरचुर सुरू होते. तेव्हाच झाकण काढायचं. मध्ये उकडलेले मुगाचे लांब मोड, ही खास हामामात्सूची पद्धत.

दुसऱ्या महायुद्धानंतर चीनमधून परतलेल्या लोकांमुळे हा पदार्थ जपानभर पसरला. आजींनी हे सांगितलं आणि क्षणभर गप्प झाल्या.

चाळीस केले होते. एकही उरला नाही.