ओठ, श्वास आणि आपली शाळा

आपल्या शाळेच्या सुवर्णमहोत्सवी स्मरणिकेसाठी आपापल्या क्षेत्राविषयी लिहा, असा निरोप आला. आवाजाच्या कामाविषयी लिहितो, कारण शाळेतली मुलं हल्ली शरद केळकरांचं नाव घेऊन विचारतात, ‘असा आवाज कसा कमवायचा?’ केळकर आपल्या ग्वाल्हेरचे. ‘लय भारी’त (२०१४) खलनायक, ‘तान्हाजी’त (२०२०) शिवाजी महाराज आणि ‘बाहुबली’च्या दोन्ही भागांत (२०१५, २०१७) प्रभासचा हिंदी आवाज. बोलताना आपण अडखळत असू, हे त्यांनी मुलाखतींतून मोकळेपणानं सांगितलं आहे. वाचताना अडखळणाऱ्या मुलाला मागच्या बाकावर बसवू नका, हे शिक्षकांना म्हणूनच आवर्जून सांगावंसं वाटतं.

भारदस्त आवाज हा या कामाचा लहानसा भाग. डबिंगच्या खोलीत कानात मूळ भाषेतला संवाद, समोर पडदा, स्टँडवर कागद. एक-दोन वाक्यांचा तुकडा दोन-तीनदा पाहायचा, नट श्वास कुठे घेतो ते टिपायचं आणि आपणही तिथेच घ्यायचा. श्वास चुकला की वाक्याची शेपटी ओठांबाहेर लोंबते. चित्रपटात सेकंदाला २४ चौकटी (फ्रेम) असतात. दोन-तीन चौकटींचा उशीर झाला तरी आवाज वरून चिकटवल्यासारखा वाटतो.

सगळ्यात छळतात ते ओठ मिटणारे वर्ण : प, फ, ब, भ, म. तेलुगूत नट ‘अम्मा’ म्हणतो तेव्हा तोंड उघडतं, मिटतं, पुन्हा उघडतं. हिंदीत तिथे नुसतं ‘माँ’ ठेवलं तर सुरुवातीच्या उघड्या तोंडाला आवाजच उरत नाही. मग हलका सुस्कारा सोडायचा आणि ओठ मिटतात त्या क्षणी ‘माँ’ पकडायचं, नाहीतर लेखकाकडून ‘ओ माँ’ करून घ्यायचं. नट पाठमोरा असला की ही सक्ती सुटते. चांगला लेखक लांबलचक वाक्यं तिथेच सरकवतो.

माइक तोंडापासून साधारण एक वीत आणि किंचित तिरका हवा. अगदी समोर असला तर ‘प’, ‘भ’चा वारा थेट आत शिरतो. बांगड्या, खळीचा कुर्ता, रिकामं पोट, सगळं ऐकू येतं. किंकाळ्या आणि आरोळ्या शेवटी घ्यायच्या. आधी घेतल्या तर घसा बसतो आणि हळुवार संवाद खरखरीत येतात. राहिलेली दुरुस्ती दुसऱ्या दिवशी करायची असेल तर आदल्या दिवशीची चार वाक्यं ऐकल्याशिवाय तोंड उघडू नये. सकाळचा आवाज खालचा असतो, जोड लगेच कळतो.

एकाच श्रुतिकेत म्हातारा आणि शिपाई दोन्ही करायचे असतील तर घसा आवळू नका, दहा मिनिटांत खोकला येईल. म्हाताऱ्याचा श्वास तोकडा करा, दात पडले असतील तर ‘त’, ‘द’ थोडे सैल सोडा. शिपायाची वाक्यं एका दमात, छातीतून.

ग्वाल्हेरच्या लष्कर-बाडा भागातल्या मराठी मुलांच्या कानात दोन भाषा असतात, हे मोठंच भांडवल. पण त्यांची सरमिसळही होते. हिंदीत ‘पैसा’चा ‘पइसा’ आणि ‘और’चा ‘अउर’ होतो, कारण मराठी ‘ऐ’, ‘औ’ जोडस्वर आहेत आणि हिंदीत ते एकेकच पसरट स्वर. उलट मराठी बोलताना ‘चाक’ आणि ‘जाळं’ यांतले दंततालव्य च-ज हिंदीसारखे होतात, ‘ळ’चा ‘ल’ होतो, ‘ज्ञान’ ‘ग्यान’ होतं. रामरक्षेचं आणि कवितांचं मोठ्यानं केलेलं पाठांतर इथे कामी येतं. आणि ज्या गावात १९१८ पासून माधव संगीत महाविद्यालय आहे, जिथल्या गायकी घराण्याची ओळखच खुला आकार, म्हणजे मोकळ्या गळ्यानं लावलेला ‘आ’ आहे, तिथल्या मुलानं आवाज नाकात का कोंडावा?

शाळेला एक विनंती. प्रार्थनेनंतरचं प्रकट वाचन बंद करू नका. आठवड्यातून एकदा ते मोबाइलवर ध्वनिमुद्रित करा आणि ज्यानं वाचलं त्यालाच हेडफोन लावून ऐकवा. मग तोच उतारा त्याच्याकडून लगेच पुन्हा वाचून घ्या.